गानिमने थांबवलेली गाडी

दोहा, १९ एप्रिल २००२

फोन वाजतो, शफा उचलते, म्हणते, "आय, ते घरात नाहीत, खाडीवर गेलेत." आणि तिच्या मागे तू खोकतोस. सुफियान, तुझा खोकला मला कळणार नाही असं वाटलं का तुला? बायकोला खोटं बोलायला लावू नको, तिला जमत नाही. आणि एवढा खाडीवर जातोस तर तेवढ्या मासळीत दापोलीच्या बाजारात तुझं दुकान लागलं असतं.

म्हणून लिहायला बसले. बापाने चौथीपर्यंत शाळेत घातलं ते आज कामाला येतंय. अक्षर वाकडं आहे, चालवून घे. रहमान सुट्टीवर निघालाय, त्याच्या हाती देते. त्याला सांगितलंय, पत्र पोराच्या हातात द्यायचं आणि वाचून होईपर्यंत दारातून हलायचं नाही.

गानिमला जाऊन दीड महिना झाला. इथं तीन दिवसांत दुखवटा उठतो, आपल्यासारखं चाळिसावं करत नाहीत. मी माझ्या खोलीत केलं. सांदण वाफवले आणि मन्सूऱ्याला, आपल्या जुन्या मोहल्ल्यात, अब्बासच्या दुकानात नेऊन पोरांना वाटले. अब्बास म्हणाला, "ताहेरुन्निसाबी, कशाबद्दल?" मी म्हटलं, "मुलगा गेला." तो म्हणाला, "सुफियान तर गावी आहे ना?" मी म्हटलं, "तोही गेल्यातच जमा."

खोटं आहे का? गानिम गेल्यावर तिसऱ्या दिवशी तुझ्या साहेबाने पासपोर्ट हातात ठेवला, चौथ्या दिवशी तू विमानात. आम्हाला विमानतळावरून फोन, तोही तुझ्या बाला. मला नाही. पोलिसांना काय सांगून गेलास, तर "मी खाली बघत होतो, काही पाहिलं नाही." आता पोलीस येतात, तुझ्या बाला विचारतात, पोरगा कुठे. तो आपला मान खाली घालून उभा. मी सांगितलं त्यांना, ज्याने विमानात बसवला त्याला जाऊन विचारा.

गाडीत दोघंच होतात. साहेबाचा धाकटा मुलगा नायिफ आणि त्यांचा ड्रायव्हर तू. वाळवंटातून शिकार करून येत होतात, लुसैलकडच्या रस्त्याला पोलीस ड्युटीवरच्या गानिमने गाडी थांबवली, आणि नायिफच्या हातून बंदूक सुटली. नायिफ म्हणतो चुकून सुटली. पोलीस म्हणतात नेम धरून मारली. खरं काय ते दोघांना ठाऊक. एक तुरुंगात आहे आणि एक खाडीवर.

हे तुला कळावं म्हणून लिहिते. इथल्या कायद्यात मेलेल्याचा बाप नसला तर आईला विचारतात, जिवाला जीव पाहिजे की माफ करतेस. उम्म गानिमला विचारणार आहेत. तिचे दीर म्हणतात, जीवच घ्यायचा. ती म्हणते, "सुफियान येऊ दे. तो सांगेल ते खरं." दुसरं कुणाचं ऐकतच नाही. म्हणजे त्या अठरा वर्षांच्या पोराचं मरणं-जगणं तुझ्या जिभेवर आहे, आणि तू जीभ गिळून बसलायस.

मला कोण विचारणार नाही. दूध पाजणारीला वारसा नाही, हक्क नाही. पण दूध मी पाजलं हे तर कोणी पुसू शकत नाही. तू दोन महिन्यांचा होतास. मन्सूऱ्याचं ते जुनं घर, मातीच्या जाड भिंती, अंगणात बोराचं झाड. तुझा बा त्यांची गाडी चालवायचा, मी स्वयंपाकाला. उम्म गानिम बाळंतपणातून उठेना, ताप उतरेना, आणि पोर रडून निळं पडायला लागलं. म्हातारीने, गानिमच्या आजीने, काही न विचारता ते माझ्या मांडीवर टाकलं. तू डावीकडे, तो उजवीकडे. तू हळूहळू प्यायचास, तो भांडल्यासारखा. म्हातारी समोर बसून राहायची. पाच वेळा पोटभर झालं तेव्हा उठली आणि म्हणाली, "आता हे दोघं भाऊ. आता हा मोठा झाला तरी याच्यासमोर तुझा पदर पडला तर गुन्हा नाही." मी एकवीस वर्षांची होते. मला वाटलं, मोठा होईल तेव्हा बघू.

मोठा झाला आणि खिडकीतून हाक मारायचा, "आय, काय रांधलंस?" वर्दीत. सगळ्या गल्लीला ऐकू जाईल असं.

खाडीवरून आलास की फोन कर.

तुझी आय

दोहा, ७ जुलै २००२

रहमान तुझ्या चार ओळी घेऊन आला. "आय, मी खाली बघत होतो. काही पाहिलं नाही. मला परत विचारू नको. तब्येतीला जप." तब्येतीला जप म्हणे. चार ओळींत एक तरी ओळ खरी लिहायचीस.

खाली बघत होतास. कशाला? खाली काय होतं? आणि खाली बघत होतास तर माझा तीन कप्प्यांचा स्टीलचा डबा तुझ्या पायाशीच असेल, तो कुठे गेला तेवढं तरी सांग. त्या जुम्म्याला सकाळी मी तुझ्या हातात दिला होता. पोलिसांनी गाडीतल्या सामानाची यादी केली त्यात बंदूक आहे, पाण्याचा कॅन आहे, मेलेले पक्षी आहेत. डबा नाही. माझ्या लग्नातला डबा आहे तो.

उन्हाळा असा पेटलाय की नळाला गरम पाणी येतं. आता उम्म गानिमच्या अझीझियाच्या या नव्या बंगल्यात सगळीकडे एसी, खिडक्या बंद, शेजारी कोण राहतो ते कळत नाही. मन्सूऱ्याच्या घरात एक कूलर होता, दुपारी सगळे त्याच्यासमोर पसरायचे. तुम्ही दोघं त्याच्या जाळीला तोंड लावून बोलायचात, आवाज थरथरायचा म्हणून. तो तुझ्याकडून आपली भाषा शिकला, तू त्याच्याकडून त्यांची. त्याचे काका यायचे आणि हा त्यांच्यासमोर मला म्हणायचा, "आय, कालवण दे गो." काका कपाळाला हात लावायचे. म्हणायचे, "याला शाळेत घालायचं की मासळीबाजारात?" उम्म गानिम हसायची. ती तेव्हा फार हसायची.

तुला एक सांगायचं होतं, मागच्या पत्रात राहिलं. राहिलं नाही, मीच लिहिलं नाही.

गानिमला घरी आणला तेव्हा पुरुषांनी आंघोळ घातली, कफन केलं, आणि मग घरातल्या बायकांना तोंड बघायला बोलावलं. ज्यांचं लग्न त्याच्याशी होऊ शकत नाही अशाच बायका. आई, मावश्या, आत्या. मी स्वयंपाकघराच्या दारात उभी. काकाची बायको मला बघून म्हणाली, "तू चहाचं बघ." मी चहाचं बघायला वळले. खरंच वळले रे, इतक्या वर्षांची सवय. आतून उम्म गानिमने हाक मारली. तिचा आवाज बसला होता, तरी सगळ्यांना ऐकू गेलं. म्हणाली, "त्याची आई बाहेर का उभी आहे?"

मग मी आत गेले. तिने डोक्याकडे मला जागा दिली. कपाळावर मी तोंड टेकवलं. त्याला साबणाचा वास येत होता, कापराचा येत होता. उजव्या भुवईत ती खूण तशीच, तू बोराच्या झाडावरून ढकलला होतास ती. मला नायिफपेक्षा तुझाच राग आला तेव्हा, की तू इथं नाहीस. खांदा द्यायला भाऊ नव्हता त्याला.

अजून एक. मागच्या आठवड्यात दुपारी फाटकाशी गाडी येऊन थांबली. कोणी उतरेना. इथल्या लोकांनी फाटक उघडायचं नाही म्हणून सांगितलेलं. उन्हात गाडी तशीच. मी पाणी घेऊन गेले, काच खाली झाली, आत नायिफची आई. बुरख्यात डोळे तेवढे दिसत होते. पाणी घेतलं नाही. म्हणाली, "तू सुफियानची आई?"

मी म्हटलं, "हो."

"माझ्या नायिफला त्याने चार वर्षं शाळेत नेलं आणलं. तो माझ्यापेक्षा त्याच्याशी जास्त बोलायचा. तुझ्या मुलाला सांग, चुकून झालं एवढं त्याने बोलावं. तो बोलला तर इथं ऐकतील."

"चुकून झालं का?"

"मला काय माहीत? मी कुठे होते?"

"मग मी तरी कशी सांगू त्याला काय बोल ते? तू पाणी पी. ऊन लागेल."

पाणी पिऊन तिने भांडं परत दिलं, आणि गाडी गेली. त्या बाईला तुझ्या साहेबाने पाठवलं नव्हतं, ती आपली आपण आली होती. एवढं मला कळतं.

अब्बास म्हणतो, "तुमचा सुफियान घाबरला." तुझा बा म्हणतो, "पोराला ओरडू नको, तो आतून मोडलाय." मी म्हणते, दोघांचंही चूक. तू घाबरट नाहीस. घाबरट असतास तर साहेबाने सांगितलं तेच घोकून बोलला असतास आणि त्याच्याच बंगल्यात राहिला असतास. तू काहीतरी झाकतोयस. कोणासाठी ते मला कळत नाही.

आय

दोहा, ७ ऑक्टोबर २००२

आता कळलं.

काल कोर्टात ट्रकवाल्याची साक्ष झाली. पठाण आहे, रेती घेऊन मागून येत होता. तुझा बा गेला होता ऐकायला. घरी येऊन चपला काढता काढता सांगत होता, मी लसूण सोलत होते. तो पठाण म्हणाला, पोलिसाने सायरन वाजवला, दिवे लावले, पांढरी गाडी बाजूला घ्यायला लावली. मग आपल्या गाडीवरच्या भोंग्यातून मोठ्याने काहीतरी बोलला. न्यायाधीश साहेबांनी विचारलं, काय बोलला? तर म्हणे, कळलं नाही. अरबी नव्हतं, उर्दू नव्हतं, इंग्रजी नव्हतं. मग तो खाली उतरून, टोपी गाडीतच ठेवून, दोन्ही हात हलवत चालत गेला. मग आवाज झाला.

काका तिथं ओरडले, "अरबीच असणार, या रेतीवाल्याला काय कळतंय." साहेबांनी ते लिहून घेतलं आणि पुढे गेले.

माझ्या हातातला लसूण तसाच राहिला. तुझा बा माझ्याकडे बघायला लागला. त्यालाही कळलं होतं, तो नुसता मी बोलायची वाट बघत होता.

मागच्या वर्षी तुम्ही दोघं माझ्या स्वयंपाकघरात उभे राहून हसत होतात. हसून हसून गानिमला ठसका लागला, मी पाठीवर थापट्या मारल्या. त्याची ड्युटी त्या रस्त्याला, तुझं येणं-जाणं त्याच रस्त्याने. तुझी गाडी दिसली की तो मागे लागायचा, सायरन, दिवे, सगळं. बाकीचे लोक घाबरून आपापल्या गाड्या हळू करायचे. आणि मग भोंग्यातून, दोहाच्या रस्त्यावर, मोठ्या साहेबासारखा दरडावून बोलायचा, "गाडी बाजूला घे रे मेल्या. डबा बाहेर काढ. आयने काय दिलंय ते खरं खरं सांग." आणि तू दोन्ही हात वर करून उतरायचास, एका हातात डबा.

मी म्हटलं होतं, वर्दीत असली थेरं करू नका. पण मीही हसत होते. आणि डबा मोठा भरायला लागले.

त्या दिवशी गाडी तू चालवत नव्हतास. नायिफ चालवत होता, त्याच्याकडे लायसन नव्हतं, मांडीला लागून बिनकागदांची बंदूक. काळ्या काचा, गानिमला आतलं काय दिसणार? त्याला वाटलं, नेहमीसारखा तू. त्या पोराला आपली भाषा कुठे येते? मागे सायरन, भोंग्यातून कुठल्याशा भाषेत दरडावणं, आणि एक पोलीस हात हलवत येतोय.

तू त्याला सांगितलंस का, हा माझा भाऊ, मस्करी करतोय? सांगायला वेळ मिळाला का? की तू हसत होतास आणि डबा काढायला खाली वाकला होतास? तर मग खाली बघत होतो म्हणालास तेवढं खरं, काही पाहिलं नाही ते नाही.

आता हेही कळलं की तू कोणासाठी गप्प आहेस. गानिमसाठी. बैठकीच्या खोलीत त्याचा वर्दीतला फोटो लावलाय, दाराएवढा. येणारे लोक त्याच्यासमोर उभे राहून दुवा मागतात. पोलिसांचे मोठे साहेब येऊन गेले, म्हणाले, कर्तव्य करताना शहीद. आणि तुला वाटतंय, हे बाहेर आलं तर लोक म्हणतील, कसलं कर्तव्य, सांदण खायला गाडी थांबवली होती.

आणि हेही ऐक. डबा मी दिला, त्यात माझा गुन्हा नाही. तो हसत आला, त्यात त्याचा गुन्हा नाही. तू त्याला लांबून ओळखलंस, त्यात तुझा नाही. सात महिने तू गावात काय डोक्यात घेऊन बसलायस ते मला दिसतंय. ते डोक्यातून काढ. पण बोल.

तुझ्या बाने आज जेवताना पहिल्यांदा तुझं नाव काढलं. म्हणाला, "सुफियानला सांग, मला रागावायचं नाहीये त्याला."

आय

दोहा, १२ नोव्हेंबर २००२

रमजानचा पहिला आठवडा गेला. अब्बास ईदला गावी चाललाय, हे त्याच्या हाती. त्याला यातलं काही माहीत नाही, विचारलं तर सांगू नको, उद्या सगळ्या मन्सूऱ्याला होईल.

मी उम्म गानिमला सांगितलं. तुला विचारून सांगायला पाहिजे होतं, पण विचारायचं कसं, तू बोलतच नाहीस. परवा रोजा सोडायच्या आधी ती खजुराची ताटं लावत होती, मी हरीस ढवळत होते. ती म्हणाली, "त्या पठाणाचं मला राहून राहून आठवतं. अरबी नव्हतं म्हणाला. मग माझा मुलगा शेवटी काय बोलला?" रोज असंच काहीतरी विचारते, भिंतीला विचारल्यासारखं. मला राहवलं नाही. मी सगळं सांगितलं. भोंगा, डबा, मेल्या म्हणायचा तेसुद्धा. ते शब्द अरबीत कसे सांगायचे मला येईना, म्हणून आपल्या भाषेत बोलून दाखवले, त्याच्यासारखा आवाज काढून.

ती ताट तसंच धरून उभी. मला वाटलं, आता मला घराबाहेर काढणार. चोवीस वर्षं झाली, पण त्या क्षणी मला माझी पेटी आठवली, कुठे ठेवलीय ती.

तेवढ्यात काका आत आले. त्यांनी दारातून ऐकलं होतं. म्हणाले, "हे बाहेर जाता कामा नये. लोक म्हणतील, वर्दीत पोरखेळ करत होता. सरकारने त्याला शहीद म्हटलंय. तू एका स्वयंपाकिणीचं ऐकून त्याला लहान करणार?"

उम्म गानिम म्हणाली, "आठ महिने तो त्या फोटोतून माझ्याकडे बघतोय. असं त्याने कोणाकडे तरी कधी बघितलं होतं का? तोंड मिटून? मला घरात परक्या माणसाचा फोटो लावल्यासारखं होतं."

काका म्हणाले, "आणि नायिफचं काय? खून केला त्याने."

"घाबरून केला की मारायचा म्हणून केला, ते तुम्ही बघितलंत?"

"नाही."

"मग थांबा."

अजान झाली. पाणी पिऊन तिने एक खजूर खाल्ला आणि मला म्हणाली, "उम्म सुफियान, मला फक्त एक कळू दे. चालत आला तेव्हा तो हसत होता का?"

मी काय सांगू? मी तिथं नव्हते. तो नेहमी हसत यायचा म्हणून त्या दिवशीही हसत असेल, असं मी सांगू शकत होते. तिने ऐकलं असतं. तिला तेच ऐकायचं होतं. पण तिच्या मुलाचं शेवटचं तोंड मी मनाने बनवून तिला देऊ? मी वाढायला घेतलं. ती उठून नमाजला गेली.

आता नीट वाच. ईद झाली की पंधरा डिसेंबरला कोर्ट आहे. त्या दिवशी तिला उभं करणार आणि विचारणार. तू आला नाहीस तर ती म्हणते, काकांना बोलू देणार, तिच्यात ताकद नाही. काका काय बोलणार ते तुला ठाऊक आहे. त्या पोराला तू शाळेत नेलंस आणलंस. त्याने घाबरून मारलं असेल तर तसं सांग. डोळ्यांत बघून मारलं असेल तर तेही सांग, मी तुला एका शब्दाने शिकवणार नाही. पण जे झालं ते तू बघितलंस, आणि ज्याने बघितलं त्याने गप्प बसून एका माणसाचा जीव जाऊ द्यायचा, हे मी तुला शिकवलेलं नाही.

गानिमच्या नावाचं म्हणशील, तर त्याच्या आईला शहीद नको आहे. तिला तिचा मुलगा पाहिजे आहे, तो आता तुझ्याकडेच उरलाय.

व्हिसाचं उम्म गानिमचा वकील बघतोय. पासपोर्ट अब्बासकडे दे, तो तिथल्या एजंटाकडे पोचवेल. त्याआधी मला एवढं पाहिजे. दोन डिसेंबर, सोमवार, तिसऱ्या प्रहरी असरच्या नमाजनंतर उम्म गानिम तिच्या खोलीत फोनजवळ बसणार आहे. नंबर शफाकडे आहे. मी फोनला हात लावणार नाही, खोलीतही थांबणार नाही. तू तिच्याशी तिच्या भाषेत बोल, लहानपणी बोलायचास तसं. आधी तिला सांग, तो हसत होता की नव्हता. मग सांग, तू येतोस की नाही. सोमवार. मंगळवारचा फोन मला नको.

तुझी आणि त्याची आय
ताहेरुन्निसा